एक डोळा तपकिरी, दुसरा निळा : ‘हेटेरोक्रोमिया’ म्हणजे काय? काळजी कधी करायची?

अमेरिकेत ड्रायव्हिंग लायसन्सवर नाव, पत्ता, उंचीबरोबर डोळ्यांचा रंगही नोंदवला जातो. तिथल्या वाहन विभागांनी त्यासाठी तीन अक्षरी कोड ठरवले आहेत. बीआरओ म्हणजे ब्राऊन, बीएलयू म्हणजे ब्लू, एचएझेड म्हणजे हेझल. याच यादीत एक कोड फार थोड्यांच्या वाट्याला येतो : डीआयसी. डायक्रोमॅटिक, म्हणजे दोन रंगांचे डोळे.

गंमत अशी की, त्याच देशात ग्रीन कार्डाचा अर्ज भरताना डोळ्यांच्या रंगासाठी चौकोन असतात. त्यात काळा, निळा, तपकिरी, राखाडी, हिरवा, हेझल, मरून, इतकेच काय गुलाबीसुद्धा आहे. पण दोन रंगांचा चौकोन नाही. अशा अर्जदाराला ‘माहीत नाही/इतर’ यावर खूण करण्यावाचून पर्याय उरत नाही. पुण्या-मुंबईहून तिकडे गेलेल्या बहुतेकांना हा प्रश्न पडत नाही. ते ‘ब्राऊन’वर टिक करतात आणि पुढे जातात. मराठीत आपण ज्यांना काळेभोर डोळे म्हणतो, तेही जवळून पाहिले तर गडद तपकिरीच असतात.

दोन डोळ्यांचे रंग वेगळे असणे याला वैद्यकीय भाषेत ‘हेटेरोक्रोमिया’ म्हणतात. हस्की कुत्र्यांच्या रील्समुळे आणि जपानी ॲनिमेमुळे हा शब्द आता शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. शब्द लोकप्रिय झाला तसा तो नको तिथेही चिकटवला जाऊ लागला. बहुतेकांच्या बाबतीत दोन रंग ही केवळ दिसण्यातली गंमत असते. काही थोड्यांच्या बाबतीत मात्र तो डोळ्याने, कधी कानाने, तर कधी मानेतल्या एखाद्या नसेने दिलेला इशारा असतो.

शब्दाचा अर्थ काय?

ग्रीक भाषेत ‘हेटेरोस’ म्हणजे वेगळा आणि ‘क्रोमा’ म्हणजे रंग. शब्दशः ‘विषमवर्णता’ म्हणता येईल, पण मराठीत यासाठी सर्रास वापरला जाणारा शब्द नाही. आपल्याकडे तिरळा आहे, चकणा आहे, घारा, पिंगट, मांजरा आहे. दोन डोळ्यांच्या दोन रंगांसाठी मात्र बोलताना अख्खे वाक्यच वापरावे लागते.

दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकातली आकृती आठवत असेल तर पुढचे सोपे जाईल. डोळ्याच्या पुढच्या बाजूला काचेसारखे पारदर्शक पारपटल असते. त्याच्या मागे रंगीत पडदा, तो बुबुळ. बुबुळाच्या मधोमध जे काळे छिद्र दिसते, ती बाहुली. हेटेरोक्रोमिया हा फक्त बुबुळाच्या रंगाचा मामला आहे. बाहुलीचा नाही, पारपटलाचा नाही आणि पांढऱ्या भागाचाही नाही. या शब्दाचा अर्ध्याहून अधिक गोंधळ इथेच मिटतो.

त्याचे तीन प्रकार सांगितले जातात. एक बुबुळ पूर्ण एका रंगाचे आणि दुसरे पूर्ण दुसऱ्या रंगाचे असेल तर तो संपूर्ण हेटेरोक्रोमिया. एकाच बुबुळात भजीच्या प्लेटमधल्या लिंबाच्या फोडीसारखा एखादा भाग वेगळ्या रंगाचा असेल तर तो अंशिक. आणि बाहुलीभोवती एका रंगाचे कडे व बाहेर दुसरा रंग, हा मध्यवर्ती प्रकार. सोशल मीडियावर ‘मला हेटेरोक्रोमिया आहे’ असे सांगत टाकलेले क्लोजअप बहुधा या तिसऱ्या प्रकारातले असतात. घाऱ्या डोळ्यांत बाहुलीभोवती सोनेरी कडे दिसणे ही तशी नेहमीचीच गोष्ट आहे.

डॉक्टरांच्या कागदावर या शब्दापुढे आणखी एक लॅटिन शब्द येतो. कधी ‘इरिडिस’, कधी ‘इरिडम’. ‘इरिडिस’ हे एकवचन, म्हणजे एका बुबुळाचे. ‘इरिडम’ हे अनेकवचन, म्हणजे बुबुळांचे. काटेकोरपणे बोलायचे तर एकाच बुबुळात दोन रंग असतील तर पहिला शब्द आणि दोन बुबुळे वेगळी असतील तर दुसरा. प्रत्यक्षात डॉक्टर दोन्ही शब्द अदलाबदल करून वापरतात. त्यामुळे केसपेपरवर यातले काहीही लिहिलेले दिसले तरी घाबरून दोन वेगवेगळे आजार शोधत बसू नये.

निळ्या डोळ्यात निळा रंग नसतो

हे वाक्य खोटे वाटते, पण खरे आहे. माणसाच्या बुबुळात निळे रंगद्रव्य नसतेच. हिरवेही नसते. असते ते मुख्यतः मेलॅनिन, म्हणजे त्वचेला आणि केसांना रंग देणारेच द्रव्य. बुबुळाच्या सर्वात मागच्या थरात ते जवळपास सगळ्यांकडे भरपूर असते. फरक पडतो तो पुढच्या, मऊ तंतूंच्या थरात. तिथे मेलॅनिन खूप असेल तर डोळा तपकिरी, मध्यम असेल तर घारा किंवा हिरवट आणि अगदी कमी असेल तर निळा.

निळा का, तर पुढच्या थरात मेलॅनिन नसले की आत शिरलेल्या प्रकाशाचे विकिरण होते. निळ्या प्रकाशाची तरंगलांबी कमी असल्याने तो जास्त विखुरतो आणि परत आपल्याकडे येतो. आकाश निळे दिसते त्याच जातीचे हे कारण. सह्याद्रीच्या दूरच्या रांगा निळसर दिसतात तेव्हा त्या डोंगरावर कोणी निळा रंग ओतलेला नसतो, तसेच हे.

हा हिशोब लक्षात घेतला तर ‘एक डोळा निळा, एक तपकिरी’ याचा अर्थ ‘एका डोळ्यात पुढच्या थरात मेलॅनिन आहे, दुसऱ्यात नाही’ इतकाच होतो. दोन वेगळे रंग भरलेले नसतात; एकच रंग एका बाजूला कमी पडलेला असतो.

मेलॅनिन किती तयार व्हायचे हे ठरवणारी जनुके अनेक आहेत. त्यातली ओसीए-२ आणि एचईआरसी-२ ही दोन महत्त्वाची जनुके पंधराव्या क्रमांकाच्या गुणसूत्रावर शेजारी शेजारी बसलेली आहेत. शाळेत शिकवलेला ‘तपकिरी प्रबळ, निळा दुबळा’ हा नियम ढोबळमानाने ठीक आहे, पण त्यावरून आई-बापाच्या डोळ्यांवरून मुलाच्या डोळ्याचा रंग छातीठोकपणे सांगणे किंवा त्याहून वाईट म्हणजे कोणावर संशय घेणे चुकीचे आहे.

मग एकाच माणसात दोन रंग कसे?

मेलॅनिन तयार करणाऱ्या पेशी डोळ्यात जन्माला येत नाहीत. गर्भ अगदी लहान असताना त्याच्या पाठीच्या रेषेवर, जिथे पुढे मज्जारज्जू तयार होतो, तिथे या पेशींचे मूळ असते. तिथून त्या प्रवासाला निघतात. काही त्वचेकडे जातात, काही केसांच्या मुळांकडे, काही बुबुळाकडे आणि काही कानाच्या आत. या प्रवासात एका बाजूच्या पेशी कमी पोहोचल्या, उशिरा पोहोचल्या किंवा एखाद्या पेशीत वाटेत जनुकीय बदल होऊन तिच्या पुढच्या सगळ्या पेशी मेलॅनिन कमी बनवू लागल्या, तर तेवढा भाग फिका राहतो. अख्खे बुबुळ फिके राहिले तर संपूर्ण प्रकार, एक फोड राहिली तर अंशिक.

यात आईने गरोदरपणात काय खाल्ले, ग्रहणात बाहेर पडली का, याचा काहीही संबंध नाही. बहुतेक मुलांत हा बदल एकटाच असतो. नजर चांगली असते, डोळ्याला दुखणे नसते आणि कसलाही उपचार लागत नाही.

बाळाच्या डोळ्यांचा रंग पहिल्या काही महिन्यांत गडद होत जातो आणि काही मुलांत तो स्थिरावायला तीन वर्षेही लागतात. त्यामुळे जन्मतः दिसलेला फरक पुढे कमी-जास्त होऊ शकतो. तरीही बाळाच्या दोन डोळ्यांच्या रंगात फरक दिसला तर एकदा नेत्रतज्ज्ञाकडून तपासून घ्यावे, असेच डॉक्टर सांगतात. त्यामागचे सर्वात मोठे कारण डोळ्यात नाही, कानात आहे.

डोळ्याचा रंग आणि ऐकू येणे यांचा संबंध काय?

नेदरलँड्सचे नेत्रतज्ज्ञ पेट्रुस योहानेस वार्डेनबुर्ग यांनी १९५१ मध्ये एका आनुवंशिक स्थितीचे सविस्तर वर्णन केले. डोळ्यांचे आतले कोपरे एकमेकांपासून दूर, नाकाच्या मुळाशी जुळलेल्या भुवया, कपाळावर पांढऱ्या केसांची बट, एक किंवा दोन्ही डोळे लखलखीत निळे आणि जन्मजात बहिरेपण, अशी ती लक्षणे. आज ही स्थिती ‘वार्डेनबर्ग सिंड्रोम’ म्हणून ओळखली जाते. साधारण ४० हजारांत एकाला ती असावी असा अंदाज आहे. आपल्याकडेही असे रुग्ण आढळतात. इंडोनेशियाच्या बुटोन बेटावरील निळ्या डोळ्यांच्या लोकांचे फोटो काही वर्षांपूर्वी जगभर फिरले होते, त्यांच्या बाबतीतही याच सिंड्रोमची चर्चा झाली होती.

निळा डोळा आणि बहिरेपण ही जोडी विचित्र वाटते, पण कानाची रचना पाहिली की कोडे सुटते. आतल्या कानात शंखाच्या आकाराची एक नळी असते आणि तिच्यात विशिष्ट द्रव भरलेला असतो. या द्रवात पोटॅशियमचे प्रमाण भरपूर ठेवून सुमारे ८० मिलिव्होल्टचा विद्युतदाब टिकवला जातो. ही झाली कानाची बॅटरी. आवाजाने सूक्ष्म केस हलले की याच दाबावर विद्युतप्रवाह वाहतो आणि मेंदूला संदेश जातो. ही बॅटरी चार्ज ठेवण्याच्या कामात ज्या पेशी लागतात, त्यात त्याच मेलॅनिनवाल्या पेशी आहेत, ज्या पाठीच्या रेषेवरून प्रवासाला निघाल्या होत्या. बुबुळात त्या पोहोचल्या नाहीत तर रंग जातो. कानात पोहोचल्या नाहीत तर बॅटरीच चार्ज होत नाही.

पूर्ण पांढऱ्या, निळ्या डोळ्यांच्या मांजरी बऱ्याचदा बहिऱ्या असतात, त्याचे कारणही हेच. एकच डोळा निळा असलेली पांढरी मांजर बहिरी असेल तर ती बहुधा निळ्या डोळ्याच्या बाजूच्या कानाने बहिरी असते.

माणसांत वार्डेनबर्ग सिंड्रोमचा त्रासदायक भाग असा की, एकाच कुटुंबात तो वेगवेगळ्या रूपात दिसतो. याचे नेहमीचे प्रकार आई किंवा वडील यांपैकी एकाकडून येतात आणि प्रत्येक अपत्याला तो मिळण्याची शक्यता निम्मी असते. वडिलांना फक्त पांढरी बट असेल, आत्याचे केस विशीतच पिकलेले असतील, दोघांनाही उत्तम ऐकू येत असेल आणि बाळ मात्र जन्मतः बहिरे असेल, असे होऊ शकते. ‘आमच्या घराण्यात अशी बट असतेच’ हे वाक्य कौतुकाने सांगितले जाते. डॉक्टरांसमोर ते जरूर सांगावे, कारण तिथे त्याला फार किंमत आहे.

यात वेळ महत्त्वाची असते. बहिरे बाळही पहिले काही महिने हुंकार देते, हसते, दार आपटल्याच्या हादऱ्याने दचकते. त्यामुळे ‘ऐकतो की, टाळी वाजवली तर बघतो’ यावर विसंबून दीड-दोन वर्षे सहज निघून जातात. बोलणे सुरू होत नाही तेव्हा शोधाशोध होते. भाषा शिकण्यासाठी मेंदूची जी सुरुवातीची वर्षे असतात, ती तोवर हातची गेलेली असतात. म्हणूनच जगभरात पहिल्या महिन्यात प्राथमिक तपासणी, तिसऱ्या महिन्यापर्यंत पक्के निदान आणि सहाव्या महिन्यापर्यंत उपाय सुरू, असा क्रम सांगितला जातो.

प्राथमिक तपासणीला ओएई म्हणतात. बाळ झोपलेले असताना कानात छोटेसे बोंडूक ठेवून काही मिनिटांत ती होते. वार्डेनबर्गची शंका असेल तर बेरा ही चाचणीही करून घ्यावी लागते. तिच्यात डोक्याला इलेक्ट्रोड लावून आवाजाचा संदेश मेंदूपर्यंत पोहोचतो का, हे पाहतात. वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांत आणि मुंबईत वांद्रे येथील अली यावर जंग राष्ट्रीय संस्थेत अशा तपासण्यांची सोय आहे. बहिरेपण वेळेत कळले तर श्रवणयंत्र किंवा कॉक्लिअर इम्प्लांटने या मुलांना चांगला फायदा होतो. निळ्या डोळ्याची नजर मात्र सहसा नॉर्मलच असते.

थोडक्यात, बाळाचा एक डोळा निळा दिसला तर नजरेइतकीच कानाची तपासणी आवश्यक आहे. पांढरी बट, त्वचेवर पांढरे डाग किंवा घरात कोणी जन्मतः बहिरे असेल तर ती अजिबात टाळू नये.

जन्मजात फरकाची आणखी काही कारणे

बुबुळात मेलॅनिन तयार होण्यासाठी सिंपथेटिक नावाच्या नसांचा पुरवठा लागतो. ही नस छातीतून मानेमार्गे डोळ्यापर्यंत येते. बाळंतपण अवघड झाले, मान-खांदा ओढला गेला आणि ही नस दुखावली तर त्या बाजूची पापणी किंचित खाली उतरते, बाहुली लहान राहते आणि बुबुळ फिके राहते. स्विस नेत्रतज्ज्ञ योहान हॉर्नर यांनी १८६९ मध्ये वर्णन केलेला हा ‘हॉर्नर सिंड्रोम’. क्वचित बाळाच्या छातीत किंवा मानेत वाढणारी न्यूरोब्लास्टोमाची गाठ या नसेवर दाब देते. म्हणून फिके बुबुळ, उतरलेली पापणी आणि छोटी बाहुली हे त्रिकूट एकाच बाजूला दिसले तर बालरोगतज्ज्ञ स्कॅन आणि लघवीची तपासणी सांगतात. ती करून घ्यावी.

याच्या उलट, काहींचा एक डोळा जास्त गडद असतो. डोळ्याभोवतीच्या त्वचेवर निळसर-करडा डाग, पांढऱ्या भागावर पाटीच्या रंगाचे ठिपके आणि गडद बुबुळ असेल तर तो ‘नेव्हस ऑफ ओटा’. आशियाई लोकांत तो जास्त दिसतो. त्वचेच्या डागासाठी लोक लेझर करून घेतात आणि डोळ्याकडे दुर्लक्ष करतात. खरे तर अशा डोळ्यात काचबिंदूचा आणि क्वचित मेलॅनोमा या कर्करोगाचा धोका असल्याने दरवर्षी डोळ्याचा दाब आणि पडदा तपासून घेणे गरजेचे असते.

मोठेपणी डोळ्याचा रंग बदलला तर?

जन्मापासून असलेला फरक आणि नंतर झालेला बदल, या दोन पूर्ण वेगळ्या गोष्टी आहेत. दुसऱ्या बाबतीत डॉक्टर पहिला प्रश्न विचारतात : बदलला कोणता डोळा? फिका झाला तो, की गडद झाला तो? याचे उत्तर रुग्णाला बहुतेक वेळा देता येत नाही. मग जुने फोटो काढायला सांगतात. नेत्रतज्ज्ञांमध्ये याला गमतीने ‘फॅमिली अल्बम टोमोग्राफी’ म्हणतात. लग्नाचा अल्बम किंवा फोनच्या गॅलरीतला पाच वर्षांपूर्वीचा सेल्फी इथे महागड्या चाचणीइतका उपयोगी पडतो.

भोसरी, चाकण, वाळूज, अंबड किंवा शिरोलीच्या औद्योगिक वसाहतींत काम करणाऱ्यांनी यातले एक कारण नीट वाचावे. छिन्नीवर हातोडा मारताना लोखंडाची बारीक कपची उडते. छिन्नीचे डोके ठोकून ठोकून छत्रीसारखे पसरलेले असेल तर जास्तच. ही कपची इतकी वेगाने येते की पारपटल भेदून आत जाते आणि छिद्र मागे मिटूनही जाते. क्षणभर टोचल्यासारखे होते, थोडे पाणी येते. ‘काही तरी गेले होते, निघाले’ म्हणून माणूस पुन्हा कामाला लागतो.

आत राहिलेले लोखंड गंजू लागते. त्याचे क्षार बुबुळात, भिंगात आणि मागच्या दृष्टिपटलात साचतात. काही महिन्यांनी, कधी काही वर्षांनी त्या डोळ्याचे बुबुळ गंजासारखे लालसर-तपकिरी होते, बाहुली मोठी राहते, रात्रीचे कमी दिसू लागते. याला ‘सिडेरोसिस’ म्हणतात. घाऱ्या डोळ्यात हा रंगबदल उठून दिसतो. आपल्या गडद तपकिरी डोळ्यात तो लपतो आणि तोवर दृष्टिपटलाचे नुकसान पुढे गेलेले असते. तांब्याची कपची असेल तर बुबुळाला हिरवट झाक येते.

म्हणून धातूवर धातू ठोकताना डोळ्याला काही लागले तर त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञाकडे जावे आणि काम काय करत होतो ते स्पष्ट सांगावे. एक्स-रे किंवा सीटी स्कॅनमध्ये कपची दिसते. एमआरआय मात्र करायचा नसतो, कारण त्यातल्या चुंबकाने लोखंडाची कपची डोळ्याच्या आत सरकू शकते. पॉलीकार्बोनेटचा साधा सेफ्टी गॉगल हे सगळे टाळतो. तो कपाळावर चढवून ठेवण्यासाठी नसतो, एवढे सुपरवायझरांनीही बघायला हवे.

दुसरे कारण ‘फुक्स हेटेरोक्रोमिक आयरिडोसायक्लायटिस’. व्हिएन्नाच्या अर्न्स्ट फुक्स यांनी १९०६ मध्ये याचे वर्णन केले. हा डोळ्याच्या आतला मंद दाह आहे. बहुतेकांत तो एकाच डोळ्याला होतो, बहुधा तरुण वयात. डोळा लाल होत नाही, दुखत नाही. बुबुळ मात्र हळूहळू झिजून फिके पडते, डोळ्यासमोर ठिपके तरंगतात, अकाली मोतीबिंदू होतो आणि काहींचा दाब वाढून काचबिंदूही होतो. रुबेला विषाणूशी त्याचा संबंध असल्याचे पुरावे मिळाले आहेत.

या आजाराच्या नावातच हेटेरोक्रोमिया आहे आणि नेमके तेच भारतीय डोळ्यांत धड दिसत नाही. तपकिरी बुबुळ झिजले तरी तपकिरीच राहते. फक्त त्याची वीण विरलेल्या कापडासारखी सपाट होते. ते स्लिट लॅम्पखालीच कळते. या दाहावर स्टेरॉइडच्या थेंबांचा फारसा उपयोग होत नाही, उलट दाब वाढू शकतो. मेडिकलमधून मागच्याच चिठ्ठीवर स्टेरॉइडची बाटली पुन्हा पुन्हा आणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावे.

तिसरे कारण औषध. काचबिंदूसाठी दिले जाणारे लॅटानोप्रोस्ट आणि त्याच गटातले थेंब बुबुळात मेलॅनिन वाढवतात. एकाच डोळ्यात थेंब टाकावे लागत असतील तर तो डोळा हळूहळू गडद होऊ शकतो आणि थेंब थांबवले तरी रंग परत येत नाही. घाऱ्या-हिरवट डोळ्यांत हे जास्त होते. आपल्याकडे रुग्णांना त्यापेक्षा पापण्यांचे केस लांब झालेले आणि डोळ्याभोवतीची त्वचा काळवंडलेली आधी जाणवते. यातल्या कोणत्याही कारणासाठी थेंब स्वतःहून बंद करू नयेत. रंग बदललेला चालतो, काचबिंदूने गेलेली नजर परत येत नाही.

मधुमेह जुना आणि अनियंत्रित असेल तर बुबुळावर नव्या, नाजूक रक्तवाहिन्या उगवून ते लालसर दिसू शकते. बुबुळावरचा एखादा तपकिरी ठिपका वाढू लागला, त्याने बाहुलीचा आकार ओढला गेला तर मेलॅनोमाची शंका घेतली जाते. दोन्ही बाबतीत थांबण्यात अर्थ नाही.

कशाला हेटेरोक्रोमिया म्हणू नये?

या शब्दाच्या चुकीच्या वापराचे सर्वात प्रसिद्ध उदाहरण म्हणजे ब्रिटिश गायक डेव्हिड बोवी. अनेक याद्यांत त्याचे नाव पहिले असते. प्रत्यक्षात त्याचे दोन्ही डोळे निळेच होते. १९६२ मध्ये शाळकरी वयात एका मुलीवरून झालेल्या भांडणात जॉर्ज अंडरवूड या मित्राने त्याच्या डाव्या डोळ्यावर ठोसा मारला. बाहुली लहान-मोठी करणारे स्नायू दुखावले आणि डावी बाहुली कायमची मोठी राहिली. मोठ्या काळ्या बाहुलीमुळे तो डोळा फोटोत गडद दिसे. याला ‘अनायसोकोरिया’ म्हणतात. मैत्री मात्र टिकली आणि अंडरवूडने पुढे बोवीच्या अल्बमच्या मुखपृष्ठांसाठी कामही केले.

बाहुली आणि बुबुळ यांची ही गफलत नवी नाही. इ.स. ४९१ ते ५१८ या काळात राज्य केलेल्या बायझंटाइन सम्राट अनास्तासियस याचा एक डोळा काळा आणि एक निळा होता असे वर्णन आहे. लोकांनी त्याला नाव ठेवले ‘डिकोरोस’, म्हणजे दोन बाहुल्यांचा. बोवीच्या नेमकी उलट चूक, तीही पंधराशे वर्षांपूर्वीची.

आपल्याकडे होणारी गफलत वेगळी आहे. डोळ्यात ‘फूल पडले’ असे म्हणतात तो पारपटलावरचा पांढरा डाग असतो. वयस्कर माणसांच्या बुबुळाभोवती जे करडे-पांढरे कडे दिसते, तेही पारपटलावर असते. उतारवयात ते सहसा निरुपद्रवी असते. चाळिशीच्या आत दिसले तर कोलेस्टेरॉल तपासून घ्यावे.

सर्वात धोकादायक गफलत लहान मुलांच्या फोटोत होते. मोबाइलच्या फ्लॅशमध्ये एका डोळ्याची बाहुली लाल आणि दुसरी पांढरी किंवा पिवळसर चमकली तर ‘माझ्या बाळाचे डोळे दोन रंगांचे’ म्हणून स्टेटस ठेवू नये. पांढरी बाहुली हे जन्मजात मोतीबिंदूचे किंवा रेटिनोब्लास्टोमा या डोळ्याच्या कर्करोगाचे लक्षण असू शकते. हा कर्करोग बहुधा पाच वर्षांच्या आतील मुलांना होतो आणि लवकर सापडला तर जीव व बऱ्याचदा डोळाही वाचतो. कॅमेऱ्याच्या कोनामुळेही असे दिसते, पण ते ठरवणे डॉक्टरांवर सोडावे आणि त्याच आठवड्यात दाखवावे.

दोन रंगांचे प्रसिद्ध डोळे

अमेरिकी बेसबॉलपटू मॅक्स शेर्झर हे संपूर्ण हेटेरोक्रोमियाचे ठसठशीत उदाहरण आहे. उजवा डोळा निळा, डावा तपकिरी. सर्वोत्तम पिचरला दिला जाणारा साय यंग पुरस्कार त्याने तीनदा मिळवला आहे, तेव्हा नजरेबद्दल शंका नको. अभिनेत्री केट बॉसवर्थच्या निळ्या डोळ्यांपैकी एकात आणि ‘सुपरमॅन’ हेन्री कॅव्हिलच्या डाव्या डोळ्यात तपकिरी फोड आहे, म्हणजे अंशिक प्रकार. हस्की कुत्र्यांच्या निळ्या डोळ्यांमागे अठराव्या गुणसूत्रावर एएलएक्स-४ या जनुकाजवळची दुरुक्ती असल्याचे २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसले. ॲनिमेतल्या पात्रांची यादी वाचकांना जास्त चांगली माहीत असेल.

रंग सारखा करून घेता येतो का?

दोन्ही डोळे सारखे दिसावेत म्हणून रंगीत कॉन्टॅक्ट लेन्स वापरता येते. ती नंबर नसला तरी डोळ्याच्या मापानेच घ्यावी लागते. ऑनलाइन मागवलेली, मैत्रिणीशी अदलाबदल केलेली किंवा नळाच्या पाण्याने धुतलेली लेन्स पारपटलाला जंतुसंसर्ग करू शकते आणि त्यातून ‘फूल’ पडते. शस्त्रक्रियेने रंग बदलून देण्याच्या जाहिरातीही आता फोनवर दिसतात. बुबुळावर कृत्रिम रंगीत चकती बसवणे किंवा पारपटलात रंग टोचणे, असे ते प्रकार आहेत. केवळ दिसण्यासाठी हे करू नये, असा इशारा अमेरिकन ॲकॅडमी ऑफ ऑप्थॅल्मॉलॉजी या नेत्रतज्ज्ञांच्या संघटनेने जानेवारी २०२४ मध्ये दिला. चकतीमुळे काचबिंदू, मोतीबिंदू आणि दृष्टी जाण्यापर्यंतचे प्रकार घडले आहेत.

‘आधार’साठी अडचण येते का?

नाही. आधार नोंदणीत दहा बोटांच्या ठशांबरोबर दोन्ही बुबुळांचेही स्कॅन घेतात. नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली गावात २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातली पहिली आधार कार्डे दिली गेली, तेव्हापासून ही पद्धत आहे. हे यंत्र बुबुळाचा रंग पाहतच नाही. ते डोळ्यांना न दिसणाऱ्या, इन्फ्रारेडजवळच्या प्रकाशात फोटो घेते. या प्रकाशात मेलॅनिन जवळपास अडथळा करत नाही, त्यामुळे तपकिरी आणि निळे बुबुळ करड्या छटांतच दिसते आणि उरते ती फक्त तंतूंची वीण. ही वीण प्रत्येक माणसाच्या दोन डोळ्यांत तशीही वेगळीच असते. दोन्ही डोळे एकाच रंगाचे असले तरी. यंत्राला अडचण होते ती नक्षी छापलेल्या रंगीत लेन्सची. ती घालून केंद्रावर गेलात तर आधी काढून ठेवावी लागेल.